मतदार क्रमांक एकशे बारा

रंगुबाई वाकचौरे हिच्या हातात आयुष्यात एकदाच मताची चिठ्ठी आली, आणि ती तिच्या काही कामाची राहिली नाही. त्याला कारण मी. त्या गावात मी एकोणीस वर्षं मास्तर होतो. माझ्याबद्दल तिथे अजून चांगलं बोलतात असं कानावर येतं. बोलणाऱ्यांनी हे एकदा वाचावं म्हणून लिहितो आहे.

गाव पुणतांब्याच्या स्टेशनपासून तीन कोसांवर. शाळा दोन खोल्यांची, आणि पुढच्या खोलीत एक लाकडी कपाट. त्या कपाटात सरकारी पोस्ट होतं. तेव्हा खेड्यात शाळामास्तरच पोस्ट सांभाळत असे. सकाळी पाढे म्हणून घ्यायचे आणि दुपारी कपाट उघडून शिक्के मारायचे. गावात कुणाकडे काय आलं ते आधी मला कळे, मग ज्याचं त्याला. वाचता येणारी माणसं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी, त्यामुळे आलेलं वाचूनही मीच दाखवायचं. अशा कामाने माणसाला फार लवकर वाटू लागतं की आपल्याला सगळ्यांचं बरंवाईट कळतं. मलाही वाटू लागलं.

रंगुबाई सोनईकडची. सदतीस साली सोळा वर्षांची असताना सूर्यभान वाकचौरेची बायको होऊन आली. उंच, काळीसावळी, आवाज असा की वावरातून हाक मारली तर शाळेतली पोरं माना वळवायची. सूर्यभान एक्केचाळीसच्या भरतीत पलटणीत गेला. घरी ती आणि सासू भीमाबाई. पहिल्याच वर्षी सालगडी पेरणीच्या तोंडावर निघून गेला, तेव्हा हिने पदर खोचला आणि नांगर धरला. बाईने नांगर धरू नये म्हणतात. चावडीवर चार म्हातारे तिला समजावायला आले, तर म्हणाली, "मग तुमी धरा. मी भाकरी आनते." म्हातारे परत गेले.

माझ्याकडे ती महिन्याला यायची. सूर्यभान पगारातला हिस्सा घरी लावून गेला होता, त्याची मनिऑर्डर येई. अंगठा देताना ती माझी चेष्टा करायची. "मास्तर, तुमच्या पोस्टात समद्यांची पत्रं येत्यात, तुमाला कुनी लिवत न्हाई का?" मी म्हणायचो, मला लिहिणारी घरातच आहे, तोंडी सांगते. ही हसायची. मला ते आवडायचं. गावातल्या कुणाशी मी इतकं मोकळं बोलत नसे.

चव्वेचाळीसच्या ऑक्टोबरात सरकारी शिक्क्याचं इंग्रजी पत्र आलं. माझं इंग्रजी बेताचं, म्हणून दोनदा वाचलं. दोन्ही वेळा तेच निघालं. सूर्यभान वाकचौरे सप्टेंबर महिन्यात इटलीत लढाईत मारला गेला होता, आणि त्याला तिकडेच पुरलं होतं.

पत्र घेऊन मी त्यांच्या घरी गेलो. रंगुबाई वावरात होती. भीमाबाई अंगणात बाजरी पाखडत बसली होती. तिला सांगितलं. तिने पदराचा बोळा तोंडात कोंबला आणि तशीच बसली. बऱ्याच वेळाने तिने बोळा काढला आणि माझे पाय धरले. माझे, एका मुसलमान मास्तरचे पाय, साठीच्या बाईने.

"मास्तर, तिला सांगू नका. तिचा बाप आला तर घिऊन जाईल. पाट लावून दील. मग मला कोन हाय?"

आमच्या भागात शहाण्णव कुळीचा टेंभा मिरवणारी घरं सोडली, तर तरण्या विधवेचा पाट, म्हणजे दुसरं लग्न, लागत असे. सोनईला रंगुबाईच्या बापाच्या शेजारी एक बिजवर होता, बरी जमीन असलेला, हे भीमाबाईला ठाऊक होतं. तिची भीती खोटी नव्हती. मला त्या म्हातारीची फार दया आली. मी म्हणालो, आठ दिवस थांबू. पत्र मी खिशात घातलं आणि वाटेत रंगुबाई भेटली तर दिसू नये म्हणून नदीकडून वळसा घेऊन घरी आलो.

नवस फेडायचा आहे असं सुनेला सांगून भीमाबाई दहाव्या दिवशी पुणतांब्याच्या घाटावर गेली. तिथे तिने एकटीने पोराचा पिंड ठेवला. संध्याकाळी परत आली आणि सुनेच्या हातची भाकरी खाल्ली. आठ दिवस उलटून गेले होते.

पुढे पेन्शनचे कागद आले. पेन्शन विधवेच्या नावाची, अंगठा तिचाच लागणार. मी सांगितलं, पगार आहे, फक्त कागद बदलला. पावतीवर इंग्रजीत छापलेलं असे: मयत शिपाई सूर्यभान वाकचौरे याची विधवा. आणि खाली एक ओळ: मी पुनर्विवाह केलेला नाही. ती विचारायची, "काय लिवलंय?" मी म्हणायचो, "पैसे पोचले म्हणून." ती अंगठा टेकवायची.

लढाई संपली, शेजारच्या गावांतले शिपाई परत आले. तिने विचारलं, आमचं मालक का न्हाई आलं? त्या पलटणीतले काही लोक जपानात पाठवले आहेत असं मी वर्तमानपत्रात वाचलं होतं. तेच सांगितलं. मग पत्र नाही म्हणून ती कष्टी झाली, तेव्हा एका दिवाळीला मी कोरा कागद समोर धरून पत्र वाचलं. खुशाली, आईला नमस्कार, बैल विकू नये. तिने विचारलं, "जपानात बायका कशा असत्यात, मास्तर?" मी म्हणालो, ठेंगण्या. ती खूश होऊन गेली. अशीच पत्रं वाचत अठ्ठेचाळीस उजाडेपर्यंत मी सूर्यभानला काश्मीरला नेऊन पोचवलं होतं.

तिचा बाप दोनदा आला. जावई येत नाही, काहीतरी काळंबेरं आहे, असं त्याच्या मनात होतं. दोन्ही वेळा तिने त्याला जेवू घातलं आणि परत लावून दिलं. "माजा मानूस जिता हाय. पगार येतोय. तुमी मला काय इचारता?"

हाजराबी, माझी बायको, एवढी एकटीच माझ्याशी खरं बोलायची. एकदा मला वाढता वाढता म्हणाली, "आपल्यात नवरा मेल्यावर बाईला चार महिने दहा दिवस बसवतात. मग ती मोकळी. तुम्ही हिला चार वर्षं बसवलंत, आणि बसली आहे हेही तिला सांगितलं नाहीत." मी पानावरून उठलो. रागाने उठलो, असं तिला वाटावं म्हणून.

आता निवडणुकीकडे येतो. सेहेचाळीस साली मुंबईच्या असेंब्लीवर आमच्या भागातून आबासाहेब बिनविरोध गेले होते, त्यामुळे तेव्हा मतदान झालंच नाही. पुढच्या वर्षी ते गावात विहिरीला नारळ फोडायला आले. रंगुबाई गर्दी सारत पुढे गेली आणि अर्ज दिला. तो अर्ज मी लिहिलेला, तिने सांगितलेला. 'माझे मालक सूर्यभान वाकचौरे यांस सहा वर्षांत एकदाही रजा मिळालेली नाही, तरी एक महिन्याची रजा मिळावी.' मी तो सुवाच्य अक्षरात लिहून दिला होता. आबासाहेबांनी अर्ज बंडीच्या खिशात ठेवला आणि म्हणाले, मुंबईला बोलतो.

अठ्ठेचाळीस साली आबासाहेबांचं त्यांच्या पक्षाशी बिनसलं. पक्षाच्या जोरावर मिळालेली जागा धरून बसणं बरं नाही, असं म्हणून त्यांनी राजीनामा दिला आणि त्याच जागेसाठी परत उभे राहिले. गावाला हे काही केल्या समजेना. ठेवायची होती तर सोडली कशाला, आणि सोडली तर मागतो कशाला, यावर पारावर महिनाभर काथ्याकूट चालला. रंगुबाईने मला एवढंच विचारलं, "मग आमचा अर्ज?"

"त्यांच्याकडेच आहे."

"मंजी त्येच निवडून आलं पायजेत," ती म्हणाली आणि गेली.

तेव्हा मत सगळ्यांना नसे. शेतसारा भरणारे, शाळा शिकलेले, पलटणीतून आलेले, आणि पलटणीत मेलेल्यांच्या पेन्शनवाल्या विधवा. छापील यादी चावडीवर लागली. आबासाहेबांचं काम करणारा बन्सी, नुकता सातवीची व्हर्नाक्युलर फायनल पास झालेला गडी, यादी घेऊन हसत माझ्याकडे आला. "मास्तर, बघा. एकशे बारा नंबर. छापनाऱ्यानं जित्या मानसाला मारला की!"

मी वाचलं. रंगुबाई, मयत सूर्यभान वाकचौरे याची विधवा.

"छापखान्याची चूक," मी म्हणालो, आणि त्याच्याबरोबर हसलो. बाकी कशाची मी काही ना काही सबब देऊ शकतो. त्या हसण्याची मला देता येत नाही.

बन्सीने तिला मत असल्याचं सांगितलं. चूक सांगून कशाला दुखवायचं, म्हणून ते सांगितलं नाही. मतदानाला चौदा दिवस होते. हाजराबी रोज म्हणायची, आज सांगा. एका संध्याकाळी मी गेलो. रंगुबाई अंगण सारवत होती. हात धुऊन तिने मला मूठभर भुईमुगाच्या शेंगा दिल्या आणि विचारलं, रजेवर येनाऱ्याला घरची धोतरं चालत्यात, का सरकारी कापडंच घालावी लागत्यात? मी म्हणालो, चालतात. शेंगा खाल्ल्या आणि परत आलो. हैदराबादच्या गडबडीमुळे त्या वर्षी आम्हा लोकांना गावात जपून बोलावं लागे, हे खरं. पण ती ढाल मी इथे पुढे करणार नाही. चव्वेचाळीस साली मला कुणी भिववलं नव्हतं.

मतदान आमच्याच शाळेत होतं. तालुक्याचा एक अव्वल कारकून अधिकारी म्हणून आला होता, आणि यादी वाचायला मला बसवलं होतं. माझी युक्ती ठरलेली होती. बाया नवऱ्याचं नाव घेत नाहीत, म्हणून त्यांच्या वतीने आपणच नाव वाचायचं आणि त्यांनी मान हलवायची, असा रिवाज होता. मी वाचणार होतो, 'रंगुबाई, सूर्यभान वाकचौरे'. मधले दोन शब्द गिळणार होतो. ती मान हलवेल, चिठ्ठी घेईल, पडद्यामागे जाऊन आबासाहेबांच्या पेटीत टाकेल आणि घरी जाईल.

ती आली तेव्हा अंगावर हिरवं लुगडं होतं आणि कपाळावर रुपयाएवढं कुंकू. मागे सातआठ बाया होत्या. मी ठरवल्याप्रमाणे वाचलं. तिने मान हलवली.

"थांबा," श्रीमंत म्हणाला. श्रीमंत हा दुसऱ्या उमेदवाराचा माणूस, बाकावर आपली यादी मांडीवर घेऊन बसलेला. सूर्यभानच्या वरातीत नाचला होता तो. पण त्या दिवशी त्याला फक्त आबासाहेबांचं एक मत दिसत होतं. "सायेब, यादीत विधवा लिवलंय. हिच्या कपाळाला कुकू हाय. ही ती बाईच न्हाई. हरकत घ्या माजी."

"छपाईची चूक हाय ती!" बन्सी ओरडला. "मास्तरांना इचारा!"

अधिकाऱ्याने यादी ओढून घेतली. "चूक असेल आणि नवरा जिवंत असेल, तर या नावावर मत पडत नाही. हे मत पेन्शनवाल्या विधवेचं आहे." मग त्याने चष्मा वर करून माझ्याकडे पाहिलं. "मास्तर, पोस्ट तुमच्याकडे आहे ना? या बाईला दरमहा काय येतं? पगार की पेन्शन?"

मी टेबलावरचे कागद सारखे केले. त्याने परत विचारलं.

"पेन्शन," मी म्हणालो.

"पेन्शन मंजी?" रंगुबाईने विचारलं. ती अजून हसतच होती, सरकारी भाषेला हसतात तशी.

अधिकारी वाईट माणूस नव्हता. त्याने आवाज उतरवला. "बाई, तुमचा नवरा लढाईत वारला. सरकारी कागदावर तसं आहे."

"न्हाई वो सायेब. त्ये काश्मीरला हायत. दिवाळीला मास्तरांनीच पत्र वाचलं." ती माझ्याकडे वळली. "सांगा की, मास्तर."

टेबलावर शाईची गादी होती. पोस्टातलीच, मी सकाळी कपाटातून काढून आणलेली. मी त्या गादीकडे बघत राहिलो. वर बघायची माझी हिंमत झाली नाही.

"कवा?" तिने विचारलं.

"चव्वेचाळीसच्या सप्टेंबरात."

"आत्याबाईला ठावं हाय?"

"आहे."

ती रडली नाही. अधिकाऱ्याने घाईघाईने एक कागद लिहिला आणि मला दिला. हरकत घेतल्यामुळे तिने लिहून द्यायला हवं होतं की ती तीच आहे. मी गादी पुढे सरकवली. तिने सवयीने अंगठा शाईत बुडवला आणि तो तसाच धरून ठेवला.

"वाचा."

मी वाचलं. "मी, रंगुबाई, मयत सूर्यभान वाकचौरे याची विधवा, लिहून देते की..."

"दर म्हैन्याला हेच लिवल्यालं असायचं?"

"हेच."

"आनिक काय?"

मी बन्सीकडे पाहिलं. तो जमिनीकडे पाहत होता. "मी पुनर्विवाह केलेला नाही, असं."

"पाट?"

"हो."

"माज्याच अंगठ्यानं," ती म्हणाली. मग तिने त्या कागदावर अंगठा टेकवला, नीट, चारी बाजूंनी दाबून. अधिकाऱ्याने हरकत फेटाळली आणि चिठ्ठी तिच्या हातात दिली. तिने ती उलटसुलट करून पाहिली.

"ह्याचं आता मी काय करू? माजा रजेचा अर्ज हुता." चिठ्ठी तिने टेबलावर ठेवली आणि ती निघून गेली. अधिकाऱ्याने चिठ्ठीवर काहीतरी शेरा मारून ती पाकिटात घातली. श्रीमंतने पान जमवायला घेतलं. मी एकशे तेरा नंबर पुकारला.

आबासाहेब पडले. आमच्या गावात ते परत आले नाहीत.

दुसऱ्या दिवशी रंगुबाईचं कपाळ मोकळं होतं, हातात काकणं नव्हती. तिचा बाप आला, न्यायला आला होता. सोनईच्या त्या बिजवराने दोन वर्षांपूर्वीच बायको केली होती, तिला आता एक पोरगंही होतं. दुसरं स्थळ बघू, बाप म्हणाला. सत्ताविसाव्या वर्षी कोण करणार, हे त्याच्या तोंडावर दिसत होतं. ती गेली नाही. भीमाबाईजवळ राहिली. सात वर्षं तिने म्हातारीला वेळेवर भाकरी वाढली, पाणी तापवून दिलं, शेवटी तर घास भरवला. पण त्या सात वर्षांत सासूशी एक शब्द बोलली नाही. भीमाबाई काठी टेकत माझ्याकडे यायची. "मास्तर, तिला बोल म्हना. शिव्या दे म्हना. कायबी दे." मी कोणत्या तोंडाने सांगणार होतो?

माझ्याशी ती बोलायची. महिन्यातून एकदा. पेन्शन आली की शाळेत यायची, पूर्वीसारखी उंबऱ्यावर बसायची नाही, टेबलासमोर उभी राहायची. अंगठा शाईत बुडवायची आणि म्हणायची, "वाचा." मी मराठी करून वाचायचो. मयत शिपाई सूर्यभान वाकचौरे याची विधवा. मी पुनर्विवाह केलेला नाही. ऐकून झालं की अंगठा टेकवायची, पैसे पदराला बांधायची आणि जायची. माझी बदली होईपर्यंत, अकरा वर्षं, हे असं चाललं. समोर पोरं बसलेली असत. पुढे पुढे त्यांनाही ते पाठ झालं होतं.

एका श्रावणात ती नखशिखान्त भिजून आली. अंगात ताप होता, उभं राहवत नव्हतं, टेबलाला धरून उभी होती. केस पांढरे व्हायला लागले होते. मला तिची दया आली. मी पहिली ओळ वाचली, शेवटची गाळली आणि पावती पुढे सरकवली.

तिने अंगठा वरच धरला. शाईचा एक थेंब पावतीवर पडला.

"आख्खं वाचा, मास्तर."

मी वाचलं. मग तिने अंगठा टेकवला.